जमुना अस्वलीण

सरकारने माझ्या दवाखान्यावर ‘पशुवैद्यकीय दवाखाना’ अशी पाटी लावली होती, पण ती वाचून आत आलेला माणूस मला उभ्या नोकरीत भेटला नाही. सगळे ‘ढोराच्या दवाखान्यात’ येत आणि मी ‘ढोराचा डाक्टर’. लग्नकार्यात माझी ओळख अशीच करून दिली जाई, आणि समोरचा माणूस नमस्कार करता करता हळूच माझ्या कपड्यांचा वास घेई. सुरुवातीला राग यायचा. पुढे मीच आधी सांगू लागलो, “घाबरू नका, आंघोळ करून आलोय.”

आमचा धंदा बाहेरच्या माणसाला वाटतो तेवढा अवघड नाही आणि तेवढा सोपाही नाही. दवाखान्यासमोर लाकडी खोडा असतो. जनावर त्यात उभं करून मागेपुढे आडवे दांडे सरकवले की त्याला हलता येत नाही. मालकाला मात्र पळता येतं, आणि सुई दिसली की बरेच मालक पळतात. रोगी बोलत नाही. मालक बोलतो, पण बैलाने रात्रभर शेजाऱ्याच्या ज्वारीत तोंड मारलं होतं हे तो सांगत नाही. तेव्हा आम्ही विचारतो एकाला आणि तपासतो दुसऱ्याला. केनवडचे एक पाटील पोट फुगलेला बैल घेऊन आले होते. बैल मोकळा झाला, उभा राहिला, शेपटी हलवू लागला. पाटील दांड्याला टेकून म्हणाले, “डाक्टरसाहेब, ते बैलाले देल्लं ना, ते मले बी द्या थोडंसं. माहं बी पोट तसंच हाये.”

मी म्हटलं, “पाटील, तो बैलाचा डोस आहे.”

“मंग अर्धा द्या.”

अशा गोष्टी सांगून मी पुष्कळ बैठका रंगवल्या आहेत. जमुनाची गोष्ट मात्र मी बैठकीत सांगत नाही. एकदा सांगून पाहिली होती. ऐकणाऱ्यांनी शेवटी मला विचारलं, मग तो केस खरंच लागू पडतो का? त्यानंतर बंदच केलं. दिवाळी अंकासाठी नोकरीतलं काही लिहा असं यंदा संपादकांनी सांगितलं तेव्हा पहिल्यांदा आठवली ती जमुनाच. बैलांना आता वाट पाहू दे.

ही सत्तरच्या दशकातली गोष्ट. वाशीम तेव्हा अकोला जिल्ह्यातला तालुका होता. त्या बाजूला नगरपालिका असलेलं एक गाव होतं, तिथे माझी बदली झाली. नाव लिहीत नाही, कारण त्या गावातली माणसं चांगली होती आणि त्यांच्या नातवंडांना उगाच खाली बघायला लागू नये. गावाला एक बाग होती. बागेत कारंजं होतं, त्यात पाणी नव्हतं. कारंज्यापलीकडे पिंजरे होते आणि ‘प्राणिसंग्रहालय’ अशी कमान होती. आत काही ससे, एक माकड, एक चितळ आणि एक मोर. मोराला पिसारा नव्हता. त्याची पिसं गावातल्या देवघरांत पोचली होती. चितळाच्या हौदातलं पाणी इतकं हिरवं असे की मला आधी वाटलं, मुद्दाम शेवाळ वाढवलंय. मी तक्रार केली की हौद धुतला जाई, आणि पुढच्या तक्रारीपर्यंत पुन्हा कोणी तिकडे बघत नसे.

जमुना त्या बागेत आली ती शेलूबाजारच्या बाजारातून. एक दरवेशी तिला नाचवत गावोगाव फिरे. जंगली जनावरं बाळगायची नाहीत असा नवा कायदा झाला होता. जंगलखात्याच्या लोकांनी भर बाजारात दरवेशाकडून अस्वलीण ताब्यात घेतली. घेतली खरी, पण ठेवायची कुठे हे कोणालाच ठाऊक नव्हतं. दरवेशी जंगलखात्याच्या डेपोच्या फाटकापाशी बसून रडत राहिला. त्याचं प्रेम खोटं होतं असं मी म्हणणार नाही. पण त्यानेच तिचे सुळे पाडले होते आणि नाकाला भोक पाडून दोर घातला होता, हेही खरं. शेवटी जंगलखात्याने नगरपालिकेला विचारलं, आणि आमचे नगराध्यक्ष इतके खूश झाले की त्यांनी बँड लावला.

पिंजरा आधी झाला आणि मला नंतर बोलावलं. गावातले कापडाचे मोठे व्यापारी ताराचंदशेठ यांनी वडिलांच्या स्मरणार्थ तो बांधून दिला होता. लोहाराने धान्याच्या गोदामाच्या खिडक्यांना बसवतात तसे गज बसवले होते. खाली सिमेंट, वर पत्रा. बाजूला संगमरवरी पाटी. मी बघितलं आणि म्हटलं, “अध्यक्षसाहेब, अस्वलाचं अर्धं आयुष्य माती उकरण्यात जातं. वारूळ फोडतं, वाळवी खातं, मोहाची फुलं वेचतं. ते सिमेंटवर काय करणार?”

अध्यक्ष म्हणाले, “आता तिले उकरायचं काय काम हाये? बसल्या जागी भेटून राह्यलं ना सारं.”

मिळत होतं, यात शंका नाही. शेठ जैन, जीवदयेचं व्रत मनापासून पाळणारे. त्यांच्या घरून रोज दूध येई. बागेचा राखणदार नामदेव ज्वारीची भाकर कुस्करून त्यात घाली, वर गूळ. नामदेव हा मिश्यांवरून हात फिरवत बोलणारा, मोठ्या आवाजाचा आणि मऊ मनाचा गडी. जमुना त्याच्या हाताला लगेच लागली. त्याने हाक मारली की ती गजांपाशी येऊन कूस टेकवून बसे. माणसाच्या आवाजाला घाबरणं तिच्यातून मारून मारून काढलेलंच होतं.

उकरायला माती नाही म्हणून तिची नखं वाढून पंजात रुतू लागली. मी ती गजांतून, नामदेवने भाकर दाखवत ठेवलेली असताना, बैलाची नखी कापायच्या कातरीने कापत असे. आणि ती डोलायची. एका जागी उभी राहून डोकं डावीकडे, उजवीकडे, तासन्‌तास. कोंडलेलं जनावर असं करतं तेव्हा ते आतून बिघडत चाललेलं असतं. लोकांना वाटे, नाच अजून विसरली नाही. लोक टाळ्या वाजवत.

पहिला पावसाळा गेल्यावर तिच्या उजव्या कुशीवरचे केस जाऊ लागले. आधी पंजाएवढा डाग, मग सुपाएवढा. मी धरून चाललो की ही खरूज. कातडी खरवडून काचपट्टीवर घेतली, सूक्ष्मदर्शकाखाली पाहिली. खरजेचा किडा दिसेना. तरी करंजाच्या तेलात गंधक कालवून काठीला फडकं बांधून लावलं. फरक नाही. डाव्या कुशीचे केस मात्र तसेच दाट होते. मग एकदा गजांपाशी उभं राहून मी हात आत घातला, आणि माझा हात जिथवर पोचत होता तिथवरच ती उघडी पडलेली होती.

त्या आठवड्यात बाजाराच्या दिवशी मी दवाखाना कंपाउंडरवर सोपवून बागेत जाऊन बसलो. दुपारी बायांची रांग लागली. प्रत्येकीच्या पदरात गुळाचा खडा. नामदेव हाक मारी, जमुना येऊन टेके, बाई गूळ देई, हात जोडी, आणि मग बोटाला एक केस गुंडाळून हिसका देई. जमुनाची कातडी तेवढ्या जागी थरथरे. ती गूळ चघळत राही. नामदेव कोणाकडून काही घेत नव्हता. उलट म्हाताऱ्यांना जागा करून देत होता.

परक्या वाचकासाठी सांगायला हवं. अस्वलाचा केस ताईतात घालून लेकराच्या गळ्यात बांधला की लेकरू झोपेत दचकत नाही, त्याला नजर लागत नाही, अशी आमच्याकडे घरोघर समजूत. दरवेशी दारात आला की बायका केस मागत. माझ्याही गळ्यात तो ताईत होता, आईने बांधलेला. पण दरवेशी वर्षातून एखादेवेळी येणार, आणि आला तसा पुढे जाणार. इथे अस्वल एका जागी बांधलेलं होतं आणि चाळीस खेड्यांचा बाजार तिथे भरत होता. कोणाच्या मनात पाप नव्हतं. गूळ द्यायचा आणि एक केस घ्यायचा, यात आपण जनावराचं काही घेतलं असं कोणाला वाटतच नव्हतं.

मी उठून ओरडलो. एक तरुण बाई मेडशीहून एसटीने आली होती, कडेवर तान्हं लेकरू. तिच्या बोटात केस तसाच होता.

“बाई, त्या मुक्या जिवाला दुखत नसेल का?”

ती घाबरली नाही. म्हणाली, “दुखत असंन जी. पन माहं लेकरू रोज दचकून उठते, डोये फिरवते. दवाखान्यात देल्या गोया, काही फरक नाई. तुमी सांगा, मी काय करू? मी एकच घेतला ना, बाप्पा. मूठभर थोडीच घेतले?”

तिने केस पदराच्या गाठीत बांधला, जमुनाला पुन्हा हात जोडले आणि गेली.

नामदेवला विचारलं, “काहून रे, तूच हाक मारून राह्यलास तिला?” त्यांच्यात राहून माझी बोलीही अशी घसरत असे.

“साहेब, पुन्याचं काम हाये. तिलेबी गूय भेटते. खुशीनं येते ना ती.”

मी अध्यक्षांकडे गेलो. पिंजऱ्यापासून चार हातांवर कुंपण घाला, एवढंच मागणं. अध्यक्षांनी चहा मागवला आणि म्हणाले, “डाक्टर, मले सांगा, मानसाचं लेकरू मोठं का अस्वल? बायाबापड्या कुठून कुठून येतात. त्याईले कुंपनाबाहीर उभं करू? लोक मले गावात फिरू देतीन?” ताराचंदशेठ मात्र ऐकून पांढरे पडले. त्यांनी स्वतः पिंजऱ्याला बारीक जाळी लावून दिली. काही दिवसांतच जाळीला खालच्या बाजूला हात जाईल एवढं भोक पडलं होतं. शेठनी जाळी बदलली, भोकही नवं पडलं.

मग शेठना एक तोड सुचली. आणि खरं सांगतो, मलाही ती पटली होती. नामदेवने रोज सकाळी जमुनाला डाव्या बाजूने विंचरायचं, फणीत आपसूक येतील ते केस डबीत घालून दुकानात आणून द्यायचे, आणि शेठनी देवदर्शन करून आल्यावर ते मागेल त्याला वाटायचे. जिवाला न दुखवता लोकांचं काम व्हावं. पहिले काही दिवस बागेतली रांग खरंच ओसरली. मी बायकोला म्हटलं देखील, व्यापाऱ्याचं डोकं ते व्यापाऱ्याचं डोकं.

पण शेठ म्हणजे गावातला सर्वांत सचोटीचा माणूस. कडक उपास करणारा, कोणाला उणंअधिक न बोलणारा. अशा माणसाच्या हातून, देवळातून आल्यावर मिळालेला केस! आधी ज्यांचा विश्वास नव्हता त्यांचाही बसला. मास्तर आले, कचेरीतले कारकून आले, दुसऱ्या तालुक्यांतून जीप भरून लोक येऊ लागले. फणीत येणारे केस कुठे पुरणार? डबी रिकामी झाली की शेठ हात जोडून म्हणत, “संपले, उद्या या.” परगावचा माणूस उद्या कसा येणार? तो दुकानाची पायरी उतरे आणि सरळ बागेची वाट धरी. उन्हाळ्याच्या तोंडाला दोन्ही कुशी उघड्या पडल्या आणि पाठही विरळ झाली.

अस्वलाच्या केसांखालची कातडी कोवळी असते. तिच्यावर पत्र्याखालचं ऊन आणि माश्या. मी बघून ठरवलं की आमच्याकडचा कडक उन्हाळा तिला या पिंजऱ्यात निघायचा नाही. ती इथून हलायला हवी, आणि पुरा वैशाख लागण्याआधी. एका मोठ्या शहरातल्या प्राणिसंग्रहालयात माझ्या कॉलेजातला मित्र होता. तिथे मातीचा मोठा खंदक होता, झाडं होती, लोक वरून बघत आणि हात पोचण्याचा प्रश्नच नव्हता. मी त्याच्या मागे लागलो, जंगलखात्याच्या मागे लागलो, शेठना घेऊन अध्यक्षांच्या घरी जाऊन बसलो. अध्यक्ष शेवटी वैतागून म्हणाले, “न्या बाप्पा. पन लोकाईले तुमीच सांगा.” परवानगी आली. ट्रकचा दिवस ठरला. त्या दिवसांत मी इतका आनंदात होतो की गाभण म्हशींशी बोलत असे.

लोकांना मी सांगितलं नाही. पण गावात लपून काय राहतं? ट्रक सकाळी येणार, त्याच्या आदल्या दिवशी मी एका खेड्यावर घटसर्पाच्या लसी टोचायला गेलो होतो. परतताना बागेच्या रस्त्याला बैलगाड्या सुटलेल्या दिसल्या. जत्राच होती. लोक जमुनाला निरोप द्यायला आले होते. गूळ, खोबरं, केळी, भिजवलेली डाळ. एका म्हातारीने गजांतून तिला हळदकुंकू लावलं आणि डोळ्यांना पदर लावला. माहेरवाशिणीला करतात ते सगळं त्यांनी केलं. आणि जाताना प्रत्येकाने एक केस घेतला, कारण पुन्हा मिळणार नव्हता. नामदेव मधे उभा राहून विनवत होता, “बस करा, बाप्पा, बस करा आता,” पण त्यानेच शिकवल्याप्रमाणे ती त्याचा आवाज ऐकून पुन्हा पुन्हा गजांपाशी येत होती.

मी माणसं हाकलली, फाटकाला कुलूप घातलं. जमुना कोपऱ्यात बसली होती. डोलत नव्हती. पाठीवर रक्ताचे बारीक बारीक थेंब आले होते.

सकाळी ट्रक आला. बरोबर त्या प्राणिसंग्रहालयाचे एक अधिकारी होते. माझा मित्र नव्हता. भला माणूस, उगाच ओरडणारा नाही. त्यांनी पिंजऱ्याभोवती एक फेरी मारली आणि मला बाजूला घेतलं.

“डॉक्टर, हे काय आहे? कातडीचा रोग?”

“रोग नाही. केस उपटलेत लोकांनी. माती आणि सावली मिळाली की भरून येईल. मी लिहून देतो.”

“तुमच्यावर विश्वास आहे हो. पण वरचे काय म्हणतील? लोक तिकीट काढून येतात. त्यांच्यापुढे हे उभं करायचं? अस्वल म्हणून ओळखायलाही येत नाही. असं करा, केस आले की कळवा. पावसाळ्यानंतर गाडी पाठवतो.”

मी पुष्कळ बोललो. आवाज चढवला, मग हात जोडले. त्यांनी माझ्या खांद्यावर हात ठेवला आणि ट्रकमध्ये जाऊन बसले. ताराचंदशेठ फाटकाशी उभे होते. ट्रक रिकामा वळताना पाहून त्यांनी मला फक्त एवढंच म्हटलं, “डाक्टरसाब, माह्या हातून दया होऊन राह्यली, असं मले वाटे.” त्या दिवसापासून त्यांनी दूध पाठवलं, पण बागेत कधी पाऊल टाकलं नाही.

पुढचं थोडक्यात सांगतो, कारण ते सांगायला मला आवडत नाही. पत्र्यावर नामदेवने पऱ्हाट्या, म्हणजे कापसाची वाळकी झाडं, टाकल्या, त्यांवर दिवसभर पाणी मारलं. आता तोच कोणाला जवळ येऊ देत नव्हता, हातात काठी घेऊन बसे. पण जखमांत किडे पडले. तारपिनाचं तेल, मलम, जे बैलांवर चालतं ते सगळं केलं. गुंगीचं औषध तेव्हा आमच्या दवाखान्यात कुठलं असायला? ती कधी मला चावली नाही, पंजाही मारला नाही. मी मलम लावत असताना एकदा तिने नुसतं माझं मनगट तोंडात धरून ठेवलं, आणि सोडलं. भर उन्हाळ्यात, एका दुपारी ती गेली.

सरकारी नियमाप्रमाणे शवविच्छेदन करायचं होतं. बागेच्या मागच्या बाजूला पाल लावलं. मी आतलं काम संपवून हात धुतले, तिच्यावर गोणपाट पांघरलं आणि बाहेर आलो तर तिथे माणसं उभी होती. मला वाटलं, शेवटचं बघायला आली असतील. पुढे एक म्हातारा शेतकरी होता. त्याला मी पूर्वी कधी बघितलं नव्हतं. त्याने टोपी काढली आणि अगदी अदबीने, दबल्या आवाजात विचारलं, “डाक्टरसाहेब, आता तिले दुखनार नाई ना?”

मी म्हटलं, “नाही.”

“मंग एक केस देता का जी? नातीसाठी पाह्यजे होता. जित्तेपनी मी नाई घेतला कधी. दुखते म्हनून नाई घेतला.”

मागच्या सगळ्यांच्या माना त्याच्या बोलण्याला हलल्या. मला राग आला असता तर बरं झालं असतं. पण त्या माणसाच्या चेहऱ्याकडे बघून राग यावा असं काही नव्हतं. मी त्याचा हात धरून त्याला पालात नेलं आणि गोणपाट बाजूला केलं.

तो बराच वेळ बघत राहिला. त्याची टोपी हातातच होती. केस मागावा अशी जागाच तिच्या अंगावर उरली नव्हती. मग तो माझ्याकडे वळला तेव्हा त्याचे डोळे लाल झाले होते, आणि आवाज आता दबलेला नव्हता.

“हे कोनं केलं हो? कोन होता तो हरामखोर?”

बाहेर उभ्या असलेल्या सगळ्यांना ते ऐकू गेलं. एकेक जण खरोखरच इकडे तिकडे बघत होता, तो माणूस कोण असेल म्हणून.